साडेसहा सेंटिमीटर

माणसाच्या दोन बुबुळांत साधारण साडेसहा सेंटिमीटर.
एवढ्याशा फटीतून आत येतं
हे सगळं लांब-जवळ.

मी त्या फटीची नोकरी करते.
एक कॅमेरा आडवा, एक उभा,
मध्ये तिरका अर्धा आरसा,
आणि खाडीची खारट हवा
दर दहा मिनिटांनी त्यावर श्वास सोडून जाते.
पुसते. पुन्हा मोजते.

कुड्याच्या लेण्यांत परवानगी मिळाली नाही, मिळणार नव्हतीच.
म्हणून आगरदांड्याच्या बंद बर्फ कारखान्यात
थर्माकोलचा विहार उभा केलाय,
गेरू नि काजळी फासून कातळासारखा.
भिंतींना अजून सुरमईचा वास.
गोष्ट ढापलेली:
मार आपल्या तीन मुली धाडतो एका कोवळ्या भिक्खूकडे,
तृष्णा, अरती, रती.
जुन्या गोष्टीत बसलेला उठत नाही.
आमच्यात उठतो. दोनदा. निर्मात्याचा आग्रह.

घरी आई पंचशील म्हणताना
तिसऱ्या शीलापाशी जरा थांबते
आणि माझ्याकडे बघत नाही.

तृष्णा म्हणजे वसईची रोझलिन.
भिक्खू म्हणजे पेणचा भोपी, टक्कल नवं, त्यावर पावडर.
हात पुढे कर, दिग्दर्शक म्हणतो, अजून, भिंगापर्यंत.
ती करते. मी दोन्ही भिंगं किंचित आत वळवते
आणि तिची बोटं पडदा सोडून बाहेर येतात.
कुठल्याशा गावी, कुठल्याशा थिएटरात
कुणीतरी नकळत हात उचलेल,
मूठ मिटेल.
त्या मुठीत काय येतं ते मला माहीत आहे,
कारण ते मीच मोजून ठेवलंय.
पडद्यापुढच्या त्या अडीच फुटांत काहीही नसतं
आणि तिकीट त्याचंच असतं.

बाबा आले डबा घेऊन.
कुड्याला बत्तीस वर्षं लेण्यांची राखण केली त्यांनी.
त्याआधी जांभ्याच्या खाणीत चिऱ्याची कपची उडाली,
उजवा डोळा तेव्हाच गेला.
मी म्हटलं, हे बघू नका.
त्यांनी चष्मा घातला, मॉनिटरपुढे बसले.

बाजूचा लाइटवाला दचकून मागे सरला.
स्पॉटबॉयच्या घशातून आवाज निघाला.
बाबा तसेच. स्थिर.
एका डोळ्याला एकच चित्र, सपाट,
पाटावर मांडल्यासारखं.
बऱ्याच वेळाने म्हणाले,
"दोगा दमल्यात गो. पोरीच्या अंगावर काटा आलाय.
कोणी चाय दिली का नाय त्यांना?"

कोणी दिली नव्हती.
बर्फाच्या कारखान्यात पहाटे चारपासून
ती दोघं एकमेकांच्या अंगाला चिकटून होती,
निदान थोडी तरी ऊब म्हणून,
आणि हे मला
दोन भिंगांतून दिसलं नव्हतं.

रोझलिन गोधडीत बसून चहा प्याली.
भोपीने डब्यातली भाकरी अर्धी केली,
मोठा तुकडा तिला दिला.
हे कॅमेऱ्यात नाही.

परतताना जेट्टीवर विचारलं,
बाबा, तुम्हाला अंतर कळतं कसं?
म्हणाले, लेण्यात ती जोडपी हायत ना दगडाची,
बुद्धाच्याच भिंतीला, हातात हात घालून,
ती नुसती उभ्यानं बघितली तर चपटी.
जरा मान हलवायची. दोन पावलं सरकायचं.
मग त्यांचं खांदं भिंतीपासून सुटतात.
"एका डोळ्याला चालावं लागतं, बाय."

मी उजवा डोळा मिटला.
दिघीची लाँच, जंजिरा, एक बगळा,
सगळं एकाच कागदावर.
लाँच किती लांब आहे सांगता येईना.
आवाज मात्र येत होता इंजिनाचा,
आणि बाबा पुढे निघालेले,
रिकामा डबा वाजत.